बीजेची कोर आणि ड्यूरिनचा दिवस

गेली दोन वर्षं भाऊबीजेला मी चंद्राला ओवाळतेय. ज्यांना भाऊ नसतो त्या बायका चंद्राला ओवाळतात. मला भाऊ आहे. माझ्यापेक्षा चार वर्षांनी मोठा, बंगळुरूला असतो, तब्येतीने ठणठणीत. बाबा गेल्यावर साताऱ्याचं घर विकायचं की ठेवायचं यावरून आमचं जोरदार वाजलं आणि बोलणं बंद झालं.

आजीला मात्र खरोखरच भाऊ नव्हता. ती दरवर्षी गच्चीवर ताम्हण घेऊन पश्चिमेकडे बघत उभी राहायची. मी आणि दादा तिच्यासाठी कोर शोधायचो. दादाला नेहमी आधी दिसायची.

मी आठवीत असताना दादाने अप्पा बळवंत चौकातून जुनं ‘द हॉबिट’ आणलं. टॉल्किनचं हे पुस्तक १९३७ साली आलं. त्यातली एक गोष्ट आम्हाला फार छळायची. ड्रॅगनने बळकावलेल्या डोंगरात शिरायला एक गुप्त दार आहे. ते कसं सापडेल हे नकाशावर चंद्राक्षरांत लिहिलंय. ही अक्षरं एरवी दिसत नाहीत. ती लिहिली त्या रात्री चंद्र ज्या कलेचा होता, त्याच कलेचा आणि त्याच ऋतूतला चंद्र मागून चमकला तरच उमटतात. नेमक्या तशा रात्री एल्रॉन्ड नकाशा उचलून धरतो आणि मजकूर कळतो: ड्यूरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याचा शेवटचा किरण दाराच्या कुलपावर पडेल.

आता हा ड्यूरिनचा दिवस कुठला? बुटक्यांचं नवं वर्ष शरद ऋतूतल्या शेवटच्या चंद्राच्या पहिल्या दिवशी सुरू होतं. त्या दिवशी सूर्य आणि चंद्र आकाशात एकत्र दिसले, तर तो ड्यूरिनचा दिवस. पण तो पुन्हा कधी येईल ते आता आम्हाला काढता येत नाही, असं त्यांचा पुढारी थोरिन स्वतःच कबूल करतो. दादा म्हणाला, “यांच्याकडे कालनिर्णय नाही, एवढाच प्रॉब्लेम आहे.”

नोकरी लागल्यावर एका रविवारी मी त्यासाठी पायथनमध्ये छोटी स्क्रिप्ट लिहायला घेतली. पहिल्याच ओळीला अडले. हिवाळा सुरू कधी होतो? २१-२२ डिसेंबरपासून धरला, तर शरदातली शेवटची अमावास्या नोव्हेंबरच्या शेवटच्या आठवड्यापासून पुढे कधीही येते. युरोपातल्या जुन्या रीतीप्रमाणे १ नोव्हेंबरपासून धरला, तर ती ऑक्टोबरमध्ये, म्हणजे काही वर्षी थेट आपल्या दिवाळीत. ऑफिसात अशी रिक्वायरमेंट आली असती तर मी परत पाठवली असती.

दुसरी अडचण खऱ्या आकाशाची. अमावास्या ते अमावास्या साधारण २९.५३ दिवस. असे बारा महिने म्हणजे ३५४ दिवस. वर्षाला अकरा दिवस कमी पडतात, म्हणून आपण अधिक महिना घालतो. त्यात अमावास्येनंतर लगेच चंद्र दिसत नाही, कारण तो सूर्याच्या फार जवळ असतो. चंद्र सूर्यापासून बारा अंश पुढे गेला की प्रतिपदा संपते, आणि कोर बहुतेक वेळा बीजेला दिसते. सूर्य अजून मावळायचाय आणि शेजारी कोवळी कोर दिसतेय, हे म्हणूनच दुर्मीळ. अमावास्या नेमकी किती वाजता संपली, तुम्ही पृथ्वीवर कुठे उभे आहात, हवा किती स्वच्छ आहे, सगळं जुळून यावं लागतं.

टॉल्किनलाही चंद्राने पुष्कळ त्रास दिला. ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिताना १९४४ मध्ये त्याने मुलाला, ख्रिस्तोफरला, पत्रात कळवलं की कथेतला चंद्र अशक्य गोष्टी करतोय, एकीकडे उगवतोय आणि त्याच वेळी दुसरीकडे मावळतोय. मग त्याने आधीची प्रकरणं दुरुस्त केली. वाचताना मला तो एकदम ओळखीचा वाटला. रात्री जागून टाइमझोनचे बग काढणारा माणूस.

यंदा दिवाळीत आईकडे साताऱ्याला गेले, तेव्हा दादाचं ते पुस्तक कपाटात सापडलं. दाराचा प्रसंग पुन्हा वाचला. मला वाटत होतं की किरण पडतो आणि दार उघडतं. तसं नाहीये. आधी बुटक्यांनी त्या दारावर हत्यारं चालवून पाहिलेली असतात. दांडे मोडतात, पाती वाकतात, दार हलत नाही. मग त्या संध्याकाळी बिल्बो नुसता पायरीवर बसलेला असतो. कस्तूर पक्षी दगडावर गोगलगाय आपटतो, ते त्यालाच कळतं. सूर्य जवळपास बुडतो, बाकीचे हताश होतात, तेवढ्यात ढगाच्या फटीतून एक किरण येतो. दगडाची कपची पडते आणि कुलपाचं भोक दिसतं. बस, एवढंच. तरीही सगळे दाराला धक्केच मारत बसतात. बिल्बो ओरडतो, “किल्ली!” आणि मग थोरिन गळ्यातली किल्ली काढतो. ती फिरते आणि उजेड जातो.

किल्ली पहिल्यापासून त्याच्या गळ्यातच होती.

घराच्या भांडणात आम्ही दोघांनीही नुसते घाव घातले होते. मी जरा जास्तच. “तुला बाबांचं काही नव्हतंच” हे वाक्य माझं होतं.

भाऊबीजेला ताम्हण घेऊन गच्चीवर गेले. सूर्य मावळला होता, खाली केशरी पट्टा होता आणि कोर अजून दिसत नव्हती. बंगळुरूला सूर्यास्त आपल्या आठ-दहा मिनिटं आधी होतो. म्हणजे त्याला आधी दिसणार, नेहमीसारखी. मी फोन काढला आणि लिहिलं, “दादा, कोर दिसली का?”

निळ्या टिका आल्या. बराच वेळ काही नाही.

मग आलं, “ढग आहेत इथे. थांबलोय.”

घराचं काय करायचं ते अजून ठरलेलं नाही. त्या दिवशी मी ताम्हण खाली ठेवलं आणि आईला सांगितलं, “दहा मिनिटं थांब गं, तो बघतोय.”