हवेची गादी

‘अंथरूण पाहून पाय पसरावे’ ही म्हण सर्वांच्या परिचयाची आहे. मोटारीत रात्र काढू इच्छिणाऱ्या प्रवाशाला मात्र आधी मोटार पाहावी लागते आणि मग अंथरूण निवडावे लागते. मागील आसने दुमडली की जागा ऐसपैस भासते. परंतु दोन्ही बाजूंना चाकांवरील फुगवटे आत आलेले असतात. त्यांमधील अंतर मोजल्यावाचून घेतलेली हवेची गादी कडांनी वर उचलली जाते. ती फार जाड असली, तर उठून बसताच छत डोक्याला लागते. शिवाय थंडीने हवा आकुंचन पावते. सायंकाळी ३० अंश तापमानात टणक भरलेली गादी पहाटे १० अंशांवर सैल पडते. आत हवा खेळत असल्याने ती अंगाची ऊबही ओढून घेते. म्हणून तिच्यावर जाड घोंगडी अंथरावी. परंतु उबेसाठी इंजिन चालू ठेवून कोणीही निजू नये. त्याच्या धुरातील कार्बन मोनॉक्साइड या वासहीन वायूने निद्रिस्त माणसाचा प्राण नकळत जातो. काचही बोटभर उघडी असावी. गादीत हवा भरताना जो आपल्या श्वासाच्या हवेचीही आठवण ठेवील, तोच प्रवासी सकाळी ताजातवाना होऊन पुढच्या वाटेला लागेल.