काठमांडू : बाबासाहेबांच्या अखेरच्या परदेश दौऱ्याचे शहर

आपल्याकडून निघणाऱ्या बुद्धभूमी सहलींचा मार्ग आता ठरून गेला आहे. बुद्धगया, सारनाथ, कुशिनगर, सोनौलीची सरहद्द ओलांडून लुंबिनी आणि दिवस व पैसे उरले तर काठमांडू. काठमांडूला बहुधा एकच पूर्ण दिवस मिळतो. त्या दिवशी सहलवाले सकाळी पशुपतीनाथ दाखवतात आणि दुपारनंतर बाजार. पशुपतीनाथाच्या मुख्य देवळाच्या दारावर प्रवेश फक्त हिंदूंना, अशा अर्थाची पाटी आहे. बावीस प्रतिज्ञा घेतलेल्यांनी त्या पाटीपुढे अर्धा दिवस का घालवावा, असे आमच्यातल्या चौघांना वाटले. मी, माझी पत्नी आणि आमच्या विहारातले काका-काकू. काका गिरणीत साचा खात्यात होते. आम्ही सहलीच्या बसला नमस्कार केला आणि नाक्यावर जाऊन दिवसभरासाठी टॅक्सी ठरवली.

ड्रायव्हरने सहा हजार सांगितले, चार हजारांवर सौदा झाला. हे नेपाळी रुपये. आपल्या शंभर रुपयांचे तिकडे एकशे साठ होतात, म्हणजे आपले अडीच हजार, माणशी सव्वासहाशे. सकाळी आठ ते संध्याकाळी सात, पेट्रोल त्याचे, देवळांची तिकिटे आमची. तिकिटात भारतीयांना इतर परदेशी पाहुण्यांपेक्षा सवलत आहे, म्हणून ओळखपत्र जवळ ठेवावे.

या शहराशी आपले नाते काय, हे आधी सांगितले पाहिजे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धम्मदीक्षा झाली. त्यानंतर महिनाभरात, तब्येत पार खालावलेली असताना, बाबासाहेब माईसाहेबांसह काठमांडूला आले. जागतिक बौद्ध बंधुत्व संघटनेची चौथी परिषद इथे भरली होती. राजा महेंद्र यांच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. बाबासाहेबांनी बौद्ध धम्मातील अहिंसेवर बोलावे असे आधी ठरले होते, पण प्रतिनिधींना बुद्ध आणि कार्ल मार्क्स हा विषय हवा होता. २० नोव्हेंबरला ते त्यावर बोलले. त्यानंतर सोळा दिवसांनी महापरिनिर्वाण झाले. हे भाषण आपल्याकडे पुष्कळांनी वाचले आहे. ते ज्या शहरात झाले त्या शहराचा त्या वेळचा कायदा काय होता, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते.

१८५४ साली जंगबहादुर राणाने नेपाळात ‘मुलुकी ऐन’ नावाचा कायदा लागू केला. त्यात देशातल्या सगळ्या जातींची उतरंड सरकारने स्वतः लिहून काढली. सर्वांत वर जानवे घालणारे. सर्वांत खाली दोन वर्ग. एक ‘पानी नचल्ने, छोइ छिटो हाल्नु नपर्ने’, म्हणजे ज्यांच्या हातचे पाणी चालत नाही, पण शिवले तर पाणी शिंपडावे लागत नाही असे. दुसरा ‘पानी नचल्ने, छोइ छिटो हाल्नुपर्ने’, म्हणजे ज्यांच्या हातचे पाणी तर चालत नाहीच, पण शिवले तर अंगावर पाणी शिंपडून शुद्ध व्हावे लागते असे. लोहार, चांभार, शिंपी, झाडूवाले हे या शेवटच्या वर्गात. आपल्याकडे मनुस्मृती पोथीत होती आणि तिचे दहन करता आले. इथे तीच गोष्ट राज्याच्या कायद्याच्या पुस्तकात होती. हा कायदा १९६३ साली बदलला. म्हणजे चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेणारे बाबासाहेब १९५६ साली इथे भाषणाला उभे राहिले तेव्हा ‘पानी नचल्ने’ हे शब्द या देशाच्या कायद्यात होते. आणि तो बदलला त्याच महेंद्र राजाच्या काळात.

पहिल्यांदा स्वयंभूला गेलो. टेकडीवरचा स्तूप, पांढरा घुमट, त्यावर सोनेरी चौथरा आणि चारी बाजूंना रंगवलेले बुद्धाचे डोळे. नाकाच्या जागी प्रश्नचिन्हासारखे जे दिसते तो नेपाळी एकाचा आकडा आहे. वर तेरा कडी, बोधीच्या तेरा पायऱ्या. पूर्वेकडून चढायला ३६५ पायऱ्या आहेत. काकांच्या गुडघ्यांना त्या झेपणाऱ्या नव्हत्या, म्हणून गाडी मागच्या रस्त्याने वर नेली. माकडे फार. काकूंच्या हातातली केळी दुसऱ्या मिनिटाला गेली. २५ एप्रिल २०१५ च्या भूकंपात स्तूपाशेजारचे अनंतपूर नावाचे जुने शिखर कोसळले होते. स्तूप उभा राहिला.

स्तूपाला लागूनच हारितीचे देऊळ आहे. देवी आली की मुलांना घेऊन लोक तिथे येत. आजही अंडी, तांदूळ, शेंदूर यांची दाटी असते. काकूंनी तिकडे पाहिले आणि म्हणाल्या, “आपण हे सगळं नदीत सोडून आलो, आणि इथं बुद्धाच्या अंगणातच बसलंय की.” माझी पत्नी म्हणाली, “इथल्यांना कुणी सोडा म्हणून सांगितलंच नसेल.” सांगणारे होते. त्यांचे काय झाले ते याच टेकडीवर कळते. इथे आनंदकुटी विहार आहे, थेरवादी भिक्षूंनी १९४३ साली स्थापलेला. दुसऱ्याच वर्षी राणा सरकारने या भिक्षूंना देशाबाहेर काढले. गुन्हा काय, तर धम्माचा प्रचार आणि स्त्रियांना दीक्षा. सारनाथला बसून त्यांनी धर्मोदय सभा काढली. श्रीलंकेच्या नारद महास्थविरांनी येऊन रदबदली केली तेव्हा १९४६ साली त्यांना परत येता आले. त्यांच्यातलेच भिक्षू अमृतानंद पुढे दहा वर्षांनी १९५६ ची परिषद भरवण्यात पुढे होते.

तिथून पाटण. नकाशात ललितपूर लिहितात. बागमतीच्या पलीकडे, एके काळची वेगळी राजधानी. दरबार चौक, तांब्या-पितळेचे काम, कोरीव खिडक्या हे सारे बघण्यासारखे आहे. फोटोंतून ते पुष्कळांनी पाहिलेले असते, त्यावर मी लिहीत नाही. गावाच्या चार दिशांना चार जुने स्तूप आहेत, ते सम्राट अशोकाने बांधले असे सांगतात. लुंबिनीला अशोकाचा शिलालेख आहे, तसा पुरावा इथे नाही. सांगणाऱ्याला तसे म्हटले तर त्याला राग येतो, म्हणून ऐकून घ्यावे.

चौकापासून थोडे चालले की हिरण्यवर्ण महाविहार लागतो. सगळे त्याला गोल्डन टेंपल म्हणतात. बाहेरून घरासारखा बोळ, आत सोन्याच्या मुलाम्याने झगमगणारे अंगण. मधल्या अंगणात उतरायचे तर पायातले जोडे आणि अंगावरची चामड्याची वस्तू काढून ठेवावी लागते. काकांनी पट्टा काढला आणि पँट एका हाताने धरून फिरले. हसू आले खरे, पण हसून झाल्यावर दोघेही गप्प झालो. चामडे बाहेर ठेवायला सांगणारा उंबरठा आपल्या पिढ्यांनी पाहिलेला आहे. तो बुद्धाच्या विहाराला असेल असे वाटले नव्हते.

गाभाऱ्याची सेवा बारा वर्षांच्या आतला एक मुलगा करतो. तीस दिवस त्याची पाळी, मग दुसरा. ही पाळी सर्वांना नाही. विहाराचा सभासद व्हायचे तर बाप सभासद असला पाहिजे, आणि जात शाक्य किंवा वज्राचार्य. या घरांतल्या मुलांचे मुंडण होते, चीवर अंगावर येते, चार दिवस ते भिक्षू असतात आणि चौथ्या दिवशी चीवर उतरवून घरी जातात. पुढे लग्न, सोनारकाम, दुकान. पण विहार त्यांचा, आणि त्यांच्या मुलांचा. शेकडो वर्षांपूर्वी इथल्या भिक्षूंनी संसार थाटले आणि संघ वंशपरंपरागत झाला. आंतून जात शिरली, बाहेर बुद्ध राहिला. जुन्या शहराची साफसफाई करणाऱ्या पोडे आणि च्यामे जातींना शहराच्या वेशीबाहेर राहावे लागे. वेशीच्या आत इतके विहार असूनही.

तरी या नेवार बौद्धांना नावे ठेवून मोकळे होणे बरोबर नाही. भारतातून बौद्ध ग्रंथ नाहीसे झाले तेव्हा ते यांच्या घरांत, लाकडी पेट्यांत जपलेले होते. १८२० नंतरच्या काळात हॉजसन नावाचा इंग्रज अधिकारी इथे होता. त्याने पाटणच्या पंडिताच्या मदतीने संस्कृत पोथ्या मिळवल्या आणि कलकत्ता, लंडन, पॅरिसला पाठवल्या. पॅरिसच्या बर्नूफने त्यांच्या आधारे १८४४ साली भारतीय बौद्ध धम्माचा इतिहास लिहिला. युरोपात बुद्धाचा अभ्यास खऱ्या अर्थाने तेव्हा सुरू झाला. पोथ्या जपणारे हात आणि दार बंद ठेवणारे हात एकच होते. मला अजून या दोन गोष्टींची बेरीज जमलेली नाही.

आमचा ड्रायव्हर विहारात आला नाही. स्वयंभूलाही तो गाडीपाशीच थांबला होता. तिशीतला, पश्चिमेकडच्या डोंगरातला. तीन वर्षे पुण्यात एका सोसायटीत वॉचमन होता, त्यामुळे “बसा बसा”, “चला लवकर” एवढे मराठी त्याला येत होते. काकूंना तो आमा म्हणे, मला दाइ. जेवताना काकांनी आपल्या सवयीने नाव, गाव विचारले. नाव सांगितले, गाव सांगितले, पुढे भात कालवत बसला. आडनावाच्या ठिकाणी असा थांबणारा माणूस आपल्याला नवा नाही. काकांनीच मग आपले सांगितले : आम्ही कोण होतो, बौद्ध कधी झालो, का झालो. तेव्हा तो म्हणाला, “म वि.क. हुँ.” म्हणजे विश्वकर्मा. लोहाराच्या जातीला नेपाळात आता हे आडनाव लावतात. गावात भाता बापाच्या हातात होता. विळे-कोयते सगळे गाव त्यांच्याकडून घेई, पाणी कुणी घेत नसे.

“आत का नाही आलास?” काकांनी विचारले. “कुणी अडवत नाही,” तो म्हणाला. “अडवायला आता कायदा पण नाही. पण गाडी कोण बघणार?” मग जरा वेळाने म्हणाला, “खोली शोधायला गेलं की विचारतात, थर के हो?” थर म्हणजे त्यांच्या भाषेत आडनाव. आपल्याकडे थर म्हणजे एकावर एक रचलेले. अर्थात फार फरक पडत नाही.

तो सांगत होता ते खोटे नव्हे. नेपाळात २००८ साली राजेशाही गेली. अस्पृश्यता हा शिक्षापात्र गुन्हा ठरवणारा वेगळा कायदा २०११ साली आला, २०१५ च्या राज्यघटनेतही ते कलम आहे. तरी २०२१ साली काठमांडूत एका दलित पत्रकार तरुणीला जात कळल्यावर खोली नाकारली गेली. तिने पोलिसांत तक्रार केली, घरमालकिणीला अटक झाली, आणि नंतर देशाचे शिक्षणमंत्री त्या मालकिणीला सुटकेनंतर आपल्या गाडीतून घरी सोडायला गेले. ड्रायव्हरला हे सगळे पाठ होते. त्याने स्वतः अजून तक्रार केलेली नाही. एका गुरुङ म्हाताऱ्याने आडनाव न विचारता खोली दिली, तिथेच तो सहा वर्षे आहे.

दुपारी बौद्धनाथ. हा स्तूप स्वयंभूपेक्षा थोरला. १९५९ नंतर तिबेटी निर्वासित इथे भोवती वसले. म्हाताऱ्या बाया माळ ओढत, चाके फिरवत प्रदक्षिणा घालतात. भूकंपात शिखराला तडे गेले होते. लोकांच्या दानातून ते उतरवून पुन्हा उभारले, तीस किलोहून अधिक सोने लागले, आणि नोव्हेंबर २०१६ मध्ये स्तूप पुन्हा खुला झाला. चहा महाग आहे.

परत येताना ठहिटीजवळ उतरलो. गल्लीत श्रीघःचा चैत्य आहे, स्वयंभूची छोटी प्रतिकृती. ज्यांना टेकडी चढवत नाही ते इथे येतात. त्याच्याजवळ धर्मकीर्ती विहार. हा भिक्षुणींचा विहार. धम्मवती गुरुमा या पाटणच्या शाक्य घरातल्या. मुलगी असताना घर सोडून त्या ब्रह्मदेशात गेल्या, तिथे शिकून १९६३ साली परतल्या, आणि १९६५ साली हा विहार उभा राहिला. भिक्षू व्हायला विहाराचा मुलगाच लागतो, असे मानणाऱ्या शहरात त्यांनी मुलींना पाली शिकवले.

आम्ही गेलो तेव्हा वंदना सुरू व्हायची होती. गाडी चौकात लावून ड्रायव्हर आम्हाला दार दाखवायला आला होता. काकू म्हणाल्या, “बस की रे बाबा दहा मिनिटं. गाडीला कोण नेतंय?” तो दारालगत भिंतीला टेकून बसला. एका भिक्षुणीने त्रिसरण सुरू केले. दिवसभरात पहिल्यांदाच आम्हाला सगळे शब्द कळत होते. चाल वेगळी, थोडी संथ, पण शब्द तेच. काकू मोठ्याने म्हणू लागल्या. आमच्या विहारात त्या नेहमी पुढे असतात. भिक्षुणींनी वळून पाहिले आणि आवाज त्यांच्याशी जुळवून घेतला.

बाहेर आल्यावर त्याने विचारले, तुमचे ते नेते, निळ्या कोटातले, ते खरेच इथे आले होते? फोटो त्याने दलित संघटनेच्या कार्यालयात पाहिला होता. काठमांडूला आले होते हे त्याला ठाऊक नव्हते. काकांच्या पिशवीत बाबासाहेबांच्या त्या भाषणाची हिंदी पुस्तिका होती, घरून मुद्दाम आणलेली. ती त्यांनी दिली. त्याने गाडीच्या दिव्याखाली पहिले पान उघडून तारीख वाचली, आणि हिशोबाने ती त्याच्या जन्माच्या किती आधीची ते काढत बसला. सात वाजून गेले होते, पण जास्तीचे पैसे मागितले नाहीत.

जाणाऱ्यांसाठी एक सूचना. नेपाळात आठवड्याची सुटी शनिवारी असते. थेरवादी विहारांत शनिवारी सकाळी बुद्धपूजेला कुटुंबेच्या कुटुंबे येतात. सहलीच्या तारखा ठरवताना काठमांडूचा दिवस शनिवारी येईल असे सहलवाल्याला आधीच सांगून ठेवावे, आणि पुस्तिका दोन-चार जास्त न्याव्यात.