तीन वाट्या वरण

गेल्या येळवशीला आम्ही सगळे भालकीजवळच्या आमच्या गावी गेलो होतो. रानात भज्जी-आंबिलीचं जेवण झालं आणि नेहमीचा वाद निघाला. आई म्हणाली, "आपल्या तुरीचं वरण मी डोळे झाकून ओळखते. तुमच्या हैदराबादच्या दुकानातल्या डाळीला चव कुठंय?" शेजारच्या कलबुर्गीच्या तूरडाळीला २०१९ मध्ये जीआय मानांकन मिळालं, तेव्हापासून आईला भलताच जोर चढलाय.

मी पडलो सॉफ्टवेअरवाला. टेस्टिंगशिवाय काही मान्य करायचं नाही, ही सवय. म्हटलं, चला, डोळे झाकूनच बघू.

साखर कमी केली किंवा स्वस्त माल वापरला तर गिऱ्हाइकाला कळेल का, हे बघायला खाद्यपदार्थांच्या कंपन्या एक साधी चाचणी घेतात. तीन नमुने द्यायचे, दोन सारखे, एक वेगळा. वेगळा कुठला ते ओळखायचं.

दुसऱ्या दिवशी दोन्ही डाळी वेगवेगळ्या शिजवल्या. पाणी, हळद, मीठ मोजून, फोडणी नाही. वाट्यांवर १, २, ३ लिहिलं नाही, कारण पहिला नंबर उगाच मनात भरतो. ४१७, ८५२ असे आकडे टाकले. बायकोने आत वाट्या भरल्या, मी फक्त नेऊन दिल्या. वाढणाऱ्याला उत्तर माहीत असलं की त्याचा चेहरा बोलतो. मध्ये पाण्याची चूळ. असे सहा डाव.

नुसत्या अंदाजाने सहापैकी साधारण दोन बरोबर येतात. पाच किंवा सहा बरोबर यायची शक्यता शंभरात दोनपेक्षाही कमी.

बाबांचे पाच बरोबर आले. आईचे दोन.

आई जरा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "कशातच मीठ नाही, ओळखू कशी?"

मीठ मीच मोजून घातलं होतं, आणि आम्हा सगळ्यांना ते बरोबर लागत होतं. तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. वर्षभर आईची भाजी खारट होत होती. तिला वाईट वाटेल म्हणून आम्ही कुणीच बोललो नव्हतो. बीपीच्या गोळ्या घेणारे बाबा भाजीत गुपचूप दही कालवून खात होते.

नंतर आईला डॉक्टरांकडे नेलं. वयाबरोबर वास घेण्याची शक्ती कमी होते, आणि आपण जिला चव म्हणतो तिच्यात नाकाचा वाटा मोठा असतो, हे तेव्हा समजलं. आता आई मीठ चमच्याने मोजून घालते आणि चव बघायला बाबांना हाक मारते. बाबाही मोठ्या रुबाबात येतात.

चाचणीला सगळंच कळतं असंही नाही. १९८५ मध्ये कोका-कोलाने सुमारे दोन लाख लोकांना चव दाखवून नवी कृती बाजारात आणली. चाचणीत ती जिंकली होती, पण लोक इतके चिडले की तीन महिन्यांच्या आत जुनी परत आणावी लागली. घोट मोजता आला, जिव्हाळा मोजायचा राहिला.

निघताना आईने नेहमीसारखी डाळीची पिशवी हातात दिली. म्हणाली, "चव कळंना झालीय, पण पाखडून, निवडून मीच दिलीय. ने."