कालव्याच्या वर, कालव्याच्या खाली

२०११च्या जनगणनेत भारताची लोकसंख्येची घनता चौरस किलोमीटरमागे ३८२ निघाली. बिहारची ११०६, अरुणाचलची १७. महाराष्ट्राची सरासरी ३६५. पण मुंबई उपनगर जिल्ह्यात हाच आकडा वीस हजारांच्या घरात जातो आणि गडचिरोलीत ७४ वर येतो. माणसं एकीकडे अशी दाटून आणि दुसरीकडे अशी पांगून का राहतात, याचं उत्तर मला बारामती तालुक्यातल्या काटेवाडीच्या शिवारात सापडतं. आमच्या तालुक्यात दाटी आणि विरळपणा यांच्यामधली हद्द पायी चालत बघता येते. ती हद्द म्हणजे नीरा डावा कालवा.

१८७६च्या दुष्काळात पोटासाठी आलेल्या माणसांच्या हातून या कालव्याचं काम सुरू झालं आणि १८८५मध्ये पाणी सुटलं. तेव्हापासून कालवा आणि नीरा नदी यांच्यामधली जमीन बागायत झाली. कालव्याच्या वर, सुपे-मोरगाव-उंडवडीकडचा पट्टा जिरायतच राहिला. आभाळ दोघांना एकच, सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतलं. पाट आला तसे सासवडचे माळी खंडाने जमिनी घेत खाली सरकले, ऊस लावला, गुऱ्हाळं घातली. पुढे भवानीनगरला साखर कारखाना उभा राहिला, इंदापूर तालुक्यात वालचंद हिराचंदांनी वालचंदनगर वसवलं. माणूस पाण्यामागे जातो हे खरं, पण पाणी कुणीतरी ठरवून नेलेलं असतं. म्हणून एखाद्या मुलखाला ‘विरळ वस्तीचा’ म्हणताना मला अवघडल्यासारखं होतं. तो विरळ राहिला यात निसर्गाइतकाच निर्णयांचाही वाटा असतो. पाण्याने वस्त्या उठवल्याही आहेत. उजनीच्या जलाशयात इंदापूरची भीमाकाठची गावं गेली. पाणी ओसरलं की पळसदेवचं जुनं देऊळ अजून वर येतं.

बागायतीत आणखी एक घडलं. पिण्याच्या पाण्याच्या आसऱ्याने गावठाणात एकमेकांना खेटून असलेली घरं शेतात गेली. विहीर, गोठा, ऊस राखायचा, मग राहायलाही तिथेच. आज आमच्याकडे ज्याच्या त्याच्या आडनावाची वस्ती आहे. घनतेच्या आकड्यात हे काही दिसत नाही. त्याच्या लेखी गाव तेवढंच, माणसं तेवढीच.

आणि जी माणसं एका जागी नसतातच, त्यांचं काय? आषाढी वारीत तुकोबांची पालखी काटेवाडीला येते, तेव्हा इथे मेंढ्यांचं रिंगण होतं. पालखीभोवती पळणारा तो कळप डोळे भरून बघावा असा. पण या भागातले कितीतरी मेंढपाळ पाऊस सरला की बिऱ्हाड घोड्यावर लादून चाऱ्यामागे निघतात.

त्यांच्याहून मोठी वर्दळ दिवाळीच्या सुमारास उलट्या दिशेने येते. बीड, पाथर्डी, जालन्याकडच्या ऊसतोडीच्या टोळ्या. रिकाम्या रानात कोप्या उभ्या राहतात, पहाटे चुली पेटतात, लेकरं फडाच्या कडेला झोपलेली असतात. मुकादमाच्या वहीत नवरा-बायको मिळून एक कोयता. पाच-सहा महिने ही माणसं आमचं पाणी पितात, आमचा ऊस तोडतात, आजारी पडली तर आमच्याच दवाखान्यात येतात. तरी गाव त्यांना गावात धरत नाही. तिकडे त्यांच्या गावांत त्या काळात म्हातारी माणसं आणि कुलुपं उरतात. एकाच माणसामुळे दोन ठिकाणची घनता चुकते, आणि रेशन, शाळा, पिण्याचं पाणी हे सगळं त्या आकड्यांवर बेतलेलं असतं. ज्या मातीत पाणी पोहोचलं नाही, तिथल्या माणसाने पाणी पोहोचलेल्या मातीत येऊन राबायचं आणि मोजणीत दोन्हीकडे पुसट राहायचं, हा अन्याय आहे.

२०११ची गणना फेब्रुवारीत झाली होती, ऐन गाळपाच्या दिवसांत. पुढच्या जनगणनेचा संदर्भ दिनांक १ मार्च २०२७ आहे, म्हणजे तेव्हाही फड चालू असतील. प्रगणक आपल्या गावात आले की त्यांना गावठाणावरून परत पाठवू नका. मळ्यातल्या वस्त्या दाखवा, आणि कोप्यांपर्यंत सोबत चालत जा.