आडवं झाल्याशिवाय नाही

शुगर निघाली तेव्हा मी फारसा घाबरलो नाही. घरात पॉलिसी होती ना! दोन वर्षांपूर्वी मेहुण्यानं गळ्यात मारलेली, पण हप्ता एकदाही चुकला नव्हता.

बीडच्या लॅबमध्ये सकाळी उपाशीपोटी रक्त दिलं. "आता जेवून घ्या, दोन तासांनी परत या," बाई म्हणाल्या. बाकड्यावर बसून भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी खाल्ली, नजर भिंतीवरच्या घड्याळावर. पुन्हा टोचलं. शिवाय एचबीएवनसी, म्हणजे आमच्याकडची 'तीन महिन्यांची शुगर'. आदल्या दिवशी गोड टाळून तिला फसवता येत नाही. बिल साडेसहाशे. वर घरी तपासायचं मशीन आणि पट्ट्यांची डबी. पहिल्या तीन पट्ट्या वायाच गेल्या. थेंब लहान पडला की मशीन नुसतं 'एरर' दाखवतं. सुई कापूस वेचताना बोंडाचं टोक टोचतं तेवढीच टोचते. पट्टी फुकट गेली की मात्र जीव तुटतो.

सगळ्या पावत्या पिशवीत घालून मेहुण्याकडे गेलो.

"दाजी, दाखल कधी होता?"

"दाखल? मी तर चालत आलो."

"मग क्लेम कसा बसंल? आपल्या पॉलिसीत चोवीस तास भरती लागते. ओपीडीचं यात काही नाही."

दाखल झालो, तर त्याच आजारासाठी आधीच्या 30 दिवसांतल्या आणि नंतरच्या 60 दिवसांतल्या तपासण्याही धरतात म्हणे. म्हणजे साडेसहाशे परत मिळवायचे तर आधी खाटेवर आडवं व्हायचं! रोज शुगर तपासून जो आडवं होणं टाळतो, त्याच्याकडे विमा बघतच नाही. मला हे अजून उमगलेलं नाही.

मग महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेची आशा. काउंटरवरच्या आरोग्यमित्रानं रेशनकार्ड पाहिलं, नीट समजावलंही: पाच लाखांपर्यंत उपचार, पण ठरावीक, आणि दाखल असताना. एका मास्तरांनी वेगळंच सांगितलं, प्रतिबंधात्मक तपासणीचे पाच हजारांपर्यंत करपात्र उत्पन्नातून वजा होतात. जुन्या करप्रणालीत. मी तर रिटर्नच भरत नाही.

वाट दाखवली ती गावातल्या आशाताईंनी. "दादा, उपकेंद्रात तिशीच्या पुढच्यांची शुगर फुकट बघतात. आणि जिल्हा रुग्णालयात 15 ऑगस्ट 2023 पासून केसपेपरलासुद्धा पैसे नाहीत."

उपकेंद्रात सिस्टरनी बोट पुसलं, टोचलं, आकडा रजिस्टरात लिहिला. 168. सवयीनं मी पावती मागितली.

"कशाची पावती?" त्या म्हणाल्या आणि कापसाचा बोळा हातात दिला.

तीन महिन्यांची शुगर उपकेंद्रात होत नाही. तिच्यासाठी पोळा झाला की जिल्हा रुग्णालय गाठायचं आहे. पावत्यांची पिशवी मात्र अजून खुंटीला आहे. बायको म्हणते, टाकून द्या. मी म्हणतो, राहू दे.