पाहून येणारा सद्गुण

कन्फ्यूशियसच्या नीतिविचारात सद्गुणाच्या व्याख्या फारशा सापडत नाहीत. सापडतात ती माणसे. इसवी सनापूर्वी 551 ते 479 हा त्याचा काळ मानतात. चीनमधल्या लू या लहान राज्यात तो जन्मला आणि त्याची वचने शिष्यपरंपरेने ‘लुन-यू’ या ग्रंथात जमवली. ‘रन’ हा त्यातला सर्वांत मोठा सद्गुण. माणसाने माणसाशी माणसासारखे वागणे, हा त्याचा ढोबळ आशय. पण शिष्यांनी त्याविषयी विचारले की प्रत्येकाला निराळे उत्तर मिळते. इतरत्रही एकाच प्रश्नावर कन्फ्यूशियस उतावळ्या शिष्याला थांबायला सांगतो आणि बिचकणाऱ्याला पुढे हो म्हणतो. नियम सर्वांना सारखा लागू पडतो, उदाहरण मात्र समोरचा माणूस बघून द्यावे लागते. ही विसंगती नव्हे, शिकवण्याची रीतच अशी आहे.

म्हणूनच ‘लुन-यू’चा दहावा भाग नव्या वाचकाला चमत्कारिक वाटतो. त्यात तत्त्वज्ञान जवळजवळ नाहीच. गुरू कसा बसे, काय खाई, दरबारात शिरताना कसा वाके, याचीच वर्णने. मध्येच एक लहानशी नोंद येते: तबेल्याला आग लागली, कन्फ्यूशियस घरी आला, त्याने माणसांना इजा झाली का एवढेच विचारले, घोड्यांची चौकशी केली नाही. त्या काळी घोडा किती मोलाचा आणि तबेल्यातला नोकर किती स्वस्त, हे ध्यानात घेतले की या नोंदीचे वजन कळते. येन हुई हा लाडका शिष्यही असाच भेटतो. अरुंद गल्लीत राहणारा, थोड्या भातावर आणि पाण्यावर भागवणारा, तरी आनंद न गमावणारा. अमेरिकी अभ्यासक एमी ओल्बर्डिंग यांचे म्हणणे असे की या ग्रंथात आधी माणूस भावतो आणि त्याच्या गुणांना नावे नंतर मिळतात. हे पटण्यासारखे आहे. लहान मूलही ‘प्रामाणिकपणा’ हा शब्द शिकण्यापूर्वी प्रामाणिक आजी पाहते.

थोराला पाहून त्याच्या बरोबरीला यावेसे वाटणे आणि हिणकस माणसाला पाहून स्वतःला तपासणे, या दोन्ही गोष्टी कन्फ्यूशियसने शिक्षणात धरल्या. त्यामुळे सोबतीला मोल आले. वस्ती निवडताना शेजार पाहावा, असे त्याचे मत. मेन्सियस या पुढच्या मोठ्या विचारवंताच्या आईने मुलासाठी तीनदा घर बदलले, ही कथा त्याच मताची.

याच विचाराची मराठी जोड बारामतीत मिळते. मोरोपंत पराडकर 1729मध्ये पन्हाळगडावर जन्मले आणि 1794मध्ये बारामतीत वारले. पेशव्यांचे सोयरे आणि सावकार बाबूजी नाईक यांच्या आश्रयाने त्यांचे आयुष्य कऱ्हाकाठी गेले. ‘आर्याभारत’ लिहिणाऱ्या या कवीचे रोजचे काम पुराण सांगण्याचे होते. पुराण म्हणजे तरी काय? धर्मराज, भीष्म, कर्ण, विदुर यांना श्रोत्यांच्या ओळखीचे करून देणे. द्यूतसभेत भीष्म गप्प का बसले, याचा निवाडा सूत्रात सांगता येत नाही. कथेत मात्र श्रोता तो स्वतःशी करू लागतो. ‘केकावली’त मोरोपंतांनी देवाजवळ सत्संगाचे मागणे मागितले आणि ते पुढे शाळांच्या प्रार्थनेत शिरले. आजूबाजूची माणसे बरी असली तर मनही बरे होते, हा त्या मागण्यातला विश्वास कन्फ्यूशियसला परका वाटला नसता.

एका बाबतीत मात्र त्याने भुवया उंचावल्या असत्या. मोरोपंतांनी रामायणे लिहिली ती डझनावारी. त्यातल्या ‘निरोष्ठ रामायणा’त ओठ जुळवून उच्चारायचे वर्णच येत नाहीत. कसब थक्क करणारे आहे. पण गोड, घडीव बोलण्यात ‘रन’ क्वचितच असते, असा कन्फ्यूशियसचा संशय होता. कसरतीत राम किती उरला, ही शंका रसिकांच्या मनातही येते. ‘केकावली’ वाचताना ती येत नाही. तिथे कवी आपले उणेपण घेऊन उभा आहे.

ऐकून माणूस बदलतो, पण पाहून जास्त बदलतो. पुंडलिकाची कथा याचा उत्तम दाखला. आईवडिलांना छळणारा हा मुलगा काशीच्या वाटेवर कुक्कुट ऋषींच्या आश्रमात उतरतो. तिथे मळक्या वस्त्रांतल्या नद्या स्त्रीरूपाने येतात आणि आश्रमाची सेवा करून उजळून जातात. ऋषींचे पुण्य कशाचे, तर मातापित्यांच्या सेवेचे. पुंडलिकाला कोणी उपदेशाचा ग्रंथ दिला नाही. त्याने एक घर पाहिले आणि तो परत फिरला. पुढे दारात आलेल्या देवालाही त्याने विटेवर थांबवले, कारण हातातली सेवा संपली नव्हती. कन्फ्यूशियसच्या नीतीचे मूळ नेमके इथे आहे: सद्गुणाची सुरुवात आईवडिलांपासून. तीही केवळ पोसण्याने नव्हे. कुत्र्याघोड्यांनाही माणूस खायला घालतोच, आदर नसेल तर फरक काय उरला, असा त्याचा रोकडा सवाल आहे.

आदर्श फुगवला की मात्र विकृत होतो. युआन राजवटीत रचल्या गेलेल्या चोवीस मातृपितृभक्तांच्या कथांत एक गरीब माणूस आईला अन्न पुरावे म्हणून पोटच्या मुलाला पुरायला निघतो. खड्ड्यात सोने सापडते आणि कथा गोड होते. लू शुन या लेखकाने 1926मध्ये लिहिले की लहानपणी या कथांची चित्रे पाहून त्याला आदर नव्हे, भीती वाटली. घरात आजी होती आणि वडील गरीब होत चालले होते. लू शुनची ही साक्ष वाचली की आदर्श कोणाच्या जिवावर उभा आहे, हे विचारावेच लागते. पुंडलिकाच्या घरात सुनेच्या वाट्याला कोणते काम आले, हे आपल्याकडे कीर्तनात फार विचारले जात नाही.

पाहिलेले अंगात मुरावे म्हणून कन्फ्यूशियसने ‘ली’वर भर दिला. त्यात पूजाविधी येतो, पाहुण्याचे स्वागत येते, वाकण्याची रीतही येते. स्वतःला आवरून ‘ली’कडे परतणे हेच ‘रन’, असे त्याने येन हुईला सांगितले. बाहेरची वागणूक आतल्या मनाला वळण लावते, हा त्याचा भरवसा. दरवर्षी आषाढी वारीत हा भरवसा बारामती आणि इंदापूर तालुक्यांतून पायी जाताना दिसतो. तुकारामांचे पुत्र नारायणबाबांनी 1685मध्ये सुरू केलेला देहूचा पालखी सोहळा बारामतीहून काटेवाडी, सणसर, बेलवाडी, निमगाव केतकी, इंदापूर अशा वाटेने सराटीला नीरेच्या काठी उतरतो. पालखीत मूर्ती नसते, पादुका असतात. ज्याच्या मागे जायचे त्याच्या पावलांचीच ही पूजा.

काटेवाडीत परीट समाज धोतरांच्या पायघड्या घालतो आणि धनगरांच्या मेंढ्या रथाभोवती रिंगण धरतात. ज्याची जी रोजची उपजीविका, तीच त्याची अर्पणाची वस्तू. बेलवाडीला गोल रिंगणात पताकावाले, डोक्यावर तुळस घेतलेल्या बाया, विणेकरी धावतात, मग अश्व. दिंडीचे क्रमांक ठरलेले, भजनाचा क्रम ठरलेला, चोपदाराने चोप उंचावला की शांतता. माळ घातलेला वारकरी दुसऱ्याच्या पाया पडतो आणि दुसरा त्याच्या. वर्षभर भावकीत ताठ उभा राहणारा माणूस या वाटेवर दिवसातून कितीदा वाकतो! नम्रतेवरच्या प्रवचनाने जे साधत नाही ते कमरेच्या सवयीने साधते.

पण साम्य इथेच थांबते. कन्फ्यूशियसचे वाकणे पायरीपायरीचे आहे: राजापुढे एक, थोरल्या भावापुढे दुसरे. वारीतले वाकणे वय आणि जात बाजूला ठेवू पाहते; गावी परतल्यावर ते किती टिकते, हा प्रश्न वेगळा. शिवाय चिनी थोर पुरुष अभ्यासाने घडतो. कोणीही याओ आणि शुन या प्राचीन राजांसारखा होऊ शकतो, असे मेन्सियस म्हणतो. वारकऱ्याच्या लेखी थोरपणात देवाच्या कृपेचा वाटा मोठा.

उरतो खोट्या आदर्शाचा प्रश्न. गावातला सर्वांचा लाडका, कोणालाच न दुखावणारा, प्रवाहाबरोबर वाहणारा सज्जन, अशा माणसाला कन्फ्यूशियसने सद्गुणाचा चोर म्हटले. मेन्सियसने कारण दिले: त्याच्यावर बोट ठेवायला जागा नसते, म्हणून लोक त्यालाच खरा मानतात. पालखी मार्गावर दोन्ही बाजूंना हात जोडलेल्या चेहऱ्यांचे स्वागत फलक लागतात, तेव्हा ही वर्णने जुनी वाटत नाहीत. खऱ्या थोराला आपल्याला कोणी ओळखत नाही याचे दुःख नसते, हे ‘लुन-यू’त एकाहून अधिक वेळा आले आहे, फलकाचा धंदा त्या दुःखावरच चालतो.

मग ओळखायचे कसे? सारा गाव ज्याला चांगला म्हणतो त्याच्याबद्दल काय वाटते, असे एका शिष्याने विचारले. एवढ्याने भागत नाही, गावातल्या चांगल्यांना तो आवडावा आणि वाइटांना खटकावा, असे उत्तर त्याला मिळाले. तुकारामांच्या बाबतीत ही कसोटीही थोडी अपुरी पडते. परंपरा सांगते की त्यांच्या अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडवायला लावणारे वाघोलीचे रामेश्वर भट्ट वाईट नव्हते, शास्त्र जाणणारे होते. आणि पुढे तेच त्यांचे शिष्य झाले. त्यांनी रचलेली तुकारामांची आरती वारकऱ्यांच्या तोंडी आजही आहे.