बोलणारा की ऐकणारा?

अंधेरीतल्या एडिट रूममध्ये रुजू झाले तेव्हापासून कापायचं काम माझ्याकडे आलेलंच नाही. माझं काम जुळवण्याचं. आमच्या मालिकेचं शूटिंग ठाण्यात घोडबंदर रोडला चालतं. रात्री हार्ड डिस्क येते. आधी तिची दुसरी प्रत काढायची, मग तीन कॅमेऱ्यांची चित्रं आणि वेगळा रेकॉर्ड झालेला आवाज एका रेषेत आणायचा. क्लॅपची फळी मिटते ती फ्रेम शोधायची, आवाजाच्या आलेखात तेवढ्यापुरती उसळलेली रेघ शोधायची आणि दोन्ही एकाखाली एक बसवायचं. टीव्हीला सेकंदाला २५ फ्रेम असतात. त्यातल्या तीन-चार सरकल्या की ओठ आणि शब्द फारकत घेतात, आणि घरी बसलेल्या माणसाला कारण कळत नसलं तरी काहीतरी खुपतं.

हे शिकता येतं. मी चक्रावते ते पुढच्या कामाने.

एका प्रसंगात सासरे घरच्यांना जमीन विकल्याचं सांगतात. सगळे संवाद त्यांचे, कामही फार सुंदर केलेलं. ताईंनी, म्हणजे आमच्या मुख्य संकलकांनी, दुसऱ्याच वाक्याला त्यांना पडद्यावरून काढलं आणि मागे भाजी निवडत बसलेल्या सुनेला धरून ठेवलं. सासऱ्यांचा फक्त आवाज. मेथीच्या काडीवर तिची बोटं थांबतात, तिथपर्यंत ताईंनी कट दिलाच नाही.

मी विचारलं, "ताई, बोलतायत ते, मग आपण हिच्याकडे का बघायचं?"

"त्यांचं सांगून झालंय गं. आता जे काही होणार ते हिच्या मनात होणार."

मग त्यांनी मला तो प्रसंग आवाज बंद करून दाखवला. एक शब्द ऐकू येत नव्हता, तरी घरात काय घडलं ते कळत होतं. त्या सुनेने त्या दिवशी तोंडातून एक अक्षर काढलेलं नाही, पटकथेत तिच्यासाठी एक ओळ नाही, आणि तरीही प्रसंग तिचा झाला. तो लिहिला दुसऱ्याने, दिग्दर्शित केला तिसऱ्याने; पण कुणाचा हे या खोलीत ठरलं. एवढा मोठा निर्णय एवढ्या शांतपणे घेतला जातो, याची मला अजून सवय झालेली नाही.

ताई आता मालिकेच्या निर्मितीतही आहेत. निर्मिती म्हणजे पैशांचा हिशेब, आणि त्याचा संकलनाशी काय संबंध, हेही मला उमगत नव्हतं. पुढच्या आठवड्याच्या पटकथेवर बसलेल्या असताना त्यांनी देवळातला एक प्रसंग खोडला. म्हणाल्या, हा टेबलावर उडणारच आहे, मग लोकेशनचं भाडं, जनरेटर, पन्नास माणसांचं जेवण कशाला? अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटं उरतात. त्यात काय टिकेल हे ज्याने हजारदा पाहिलंय, त्याला ते कागदावरच दिसतं. माझ्या मते चांगला निर्माता घडवायला या खोलीसारखी शाळा नाही.

आणि ही दोन कामं आपल्याकडे पहिल्यापासून एकाच घरात होती. १९१३च्या 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी सरस्वतीबाई फाळके कच्च्या फिल्मला छिद्रं पाडत होत्या, रसायनं कालवत होत्या, फिल्म जोडायला मदत करत होत्या आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही बघत होत्या. हे वाचल्यापासून मला त्यांच्याबद्दल फार आदर वाटतो. पुढे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून आलेल्या रेणू सलुजांनी 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर'च्या संकलनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले. २००० साली त्या गेल्या. 'जाने भी दो यारो'चं संकलनही त्यांचंच. त्यातला रंगमंचावरचा महाभारताचा प्रसंग तुम्ही हसत हसत कितीदा पाहिला असेल. पुढच्या वेळी तो एकदा आवाज बंद करून बघा.